फुटाण्याची जमीन

रात्री दीडला पुन्हा तोच आवाज,
प्लास्टिकच्या कोपऱ्यावर नखांचा.
खर्र. खर्र. थोडं थांबून, खर्र.
पृथा म्हणाली, खेळतोय गं तो.
मीही तसंच धरून चालले.
राजारामपुरीत, तिसऱ्या मजल्यावर,
हॅमस्टरनं आणखी करायचं तरी काय?

चौथ्या रात्री सासरे उठून आले,
मफलर गुंडाळून, खोकत,
पिंजऱ्यापुढं उकिडवे बसले.
"खेळायलं न्हाई ते. उकरायलंय.
खाली माती हाय म्हणून
जन्माच्या आधीच कुणीतरी सांगितलंय त्याला,
आन् आपण दिलाय नुसता तळ."

उद्यमनगरात एकतीस वर्षं मोल्डिंग केलेला माणूस.
घरात कधी कुंडीतली मातीही हलवली नाही त्यांनी,
म्हणायचे, ड्युटी संपली.

सकाळी माळ्यावरून माशांची जुनी टाकी उतरली.
मी म्हटलं, फौंड्रीतली वाळू आणू या का थोडी?
बारीक असते, मऊ असते.
आण्णांनी असं बघितलं माझ्याकडं
जणू मी आमटीत राख मागितली.
"कोळशाची भुकटी असती तिच्यात.
माझ्या छातीत हाय तेवढी पुरे."

मग कळंब्याकडच्या नर्सरीतून नारळाचा भुसा,
खत न घातलेली माती दोन बादल्या,
कातरलेलं वाळकं गवत.
लिफ्ट बंद. अर्थातच.
जिन्यात सांडलेली रेघ बघून
खालच्या पाटणेकाकू म्हणाल्या, झाडं लावताय?
पृथा म्हणाली, नाही, जमीन लावतोय.

पहिल्यांदा सगळं ढासळलं.
फुटाणा शिरला की मागं माती बसायची,
तो गोंधळून बाहेर यायचा, मिश्या झटकायचा.
आण्णांनी टाकी उपसली. फरशीवर ढीग.
(पुसायची मीच, ते वेगळं.)
"पाणी बेतानं. मूठ मीट.
आता उघड. बोटांचे वळ ऱ्हायले?
हाताला पाणी लागलं न्हाई? मग झालं."
पृथाच्या मुठीतून निघाला मातीचा छोटा मासा,
चार बोटांच्या खाचा पाठीवर.
थरावर थर. प्रत्येक थर तळहातानं दाबायचा,
ठोकायचा नाही.
वीतभर खोल, मग आणखी चार बोटं.
चाक मातीवर नाही ठेवायचं,
विटांवर फरशीचा तुकडा, त्याच्यावर चाक,
नाहीतर खाली खणणाऱ्याच्या डोक्यावर यायचं.
दोन दिवस पंख्याखाली वाळू दिलं.
एवढी काळजी त्यांनी माझ्या लग्नातही घेतली नव्हती.

तिसऱ्या दिवशी फुटाणा सोडला.
हुंगलं, एका कोपऱ्यात पुढचे पाय चालले,
माती मागं उडाली,
आणि तो नव्हता.

रात्री नव्हता. सकाळी नव्हता.
दाणे तसेच. संध्याकाळी पृथा रडवेली,
हातात माझा भाताचा चमचा,
"उकरून बघू? मेला असला तर?"
आण्णांनी चमचा काढून घेतला.
"साचा फोडायची घाई केली की
आतलं काम वाया जातं, बाळ.
दाणे मोजून ठेव. आन् झोप."

पहाटे दाणे अकरानं कमी.

आता काचेच्या कडेनं दिसतो बोगदा,
एक वळण, एक कोठार,
पुढं कागदाच्या चिंध्यांची खोली,
तिच्यात एक तपकिरी श्वास.
आण्णा खुर्ची ओढून बसतात, लाइट न लावता.

काल चहा द्यायला गेले तर म्हणाले,
माझ्याशी की काचेशी, कुणास ठाऊक,
"जल्मभर पोकळ्याच केल्या बघ.
व्हॉल्वच्या, पंपाच्या, कसल्या कसल्या.
केली की लगेच वरनं लोखंड वतायचं.
हितं कुणी झोपलंय."

चहा निवला. मी परत गरम केला नाही.
आतून बारीक आवाज येत होता,
प्लास्टिकचा नव्हे.